पांढरीच्या टेकाडावर आधी काय फिरवायचं: जीपीआर, मॅग्नेटोमीटर की रेझिस्टिव्हिटी?

पांढरीच्या, म्हणजे जुन्या वस्तीच्या, साइटवर खोदण्याआधी जमिनीखाली काय आहे त्याच्या सर्व्हेसाठी मशीन भाड्याने आणायचंय म्हटलं की बहुतेक जण थेट जीपीआरचं (ग्राउंड पेनिट्रेटिंग रडार) नाव घेतात. त्याचं कारण कळतं, इटलीतलं फालेरी नोव्ही हे अख्खं रोमन शहर, ३० हेक्टरच्या आसपास, एक फावडं न मारता जीपीआरमधे दिसलं, देऊळ, बाजार, पाण्याचे नळ सगळं, २०२० मधे ते नकाशे छापून आले आणि ते बघितल्यावर कुणालाही वाटणारच की आपल्या टेकाडावर पण हेच करू.

पण आपल्याकडे काळी माती आहे. जीपीआर जमिनीत रेडिओ लहरी सोडतो आणि परत येणाऱ्या लहरी टिपतो, काळ्या मातीतली चिकण, त्यात ओल असली तर विचारूच नका, त्या लहरी वरच्यावर खाऊन टाकते, कितीदा मीटरभर खालचंही धड दिसत नाही. नांगरलेल्या ढेकळांवर अँटेना नीट टेकत नाही. मे मधे माती सुकते म्हणून सिग्नल जरा बरा मिळतो, पण मग भेगा पडतात आणि त्या भेगाच रिझल्टमधे येतात. नदीकाठची कोरडी वाळू किंवा देवळाचं फरसबंद अंगण असेल तर मात्र जीपीआरच घ्या, तिथे खोलीचा अंदाज त्याच्याइतका चांगला दुसरं कोणी देत नाही.

ताम्रपाषाण काळातलं (तांबं आणि दगड दोन्हीची हत्यारं वापरायचे तेव्हाचं) गाव शोधताय तर माझं मत सरळ मॅग्नेटोमीटरला, म्हणजे जमिनीतले चुंबकीय फरक मोजणाऱ्या मशीनला. पुणे जिल्ह्यातलं इनामगाव बघा ना, डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ तिथे खोदलं, घोड नदीच्या काठी, आणि काय काय निघालं तर चुली, राखेचे खड्डे, कुंभाराची भट्टी. माती चांगली तापून थंड झाली की तिच्यातलं मॅग्नेटाइट त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून ठेवतं (त्यासाठी ५८० अंश सेल्सिअसच्या वर तापायला लागतं, भट्टीत ते होतं), म्हणून भट्टी नकाशावर ठळक उठते. १९५८ मधे मार्टिन एटकेन या शास्त्रज्ञाने इंग्लंडात वॉटर न्यूटनला प्रोटॉन मॅग्नेटोमीटर फिरवला तेव्हा पण भट्ट्याच सापडल्या होत्या. शिवाय काम भराभर होतं, दोन सेन्सरचं मशीन असेल तर दिवसाला हेक्टरभर सहज.

आता अडचण सांगतो, आपला काळा दगड स्वतःच चुंबकीय आहे. शेतात विखुरलेले धोंडे, बांधावर रचलेले दगड, सगळे नकाशात उठतात आणि खरी चूल कुठली ते ओळखायला नजर बसावी लागते. त्यात विहिरीवरची मोटर, पत्र्याची शेड, तारेचं कुंपण, चालणाऱ्याच्या बेल्टचं बक्कल. गाव अगदी टेकाडाला चिकटून असेल तर कडेचा भाग सोडूनच द्या.

रेझिस्टिव्हिटी, म्हणजे जमिनीत वीज सोडून तिला किती अडथळा होतो ते मोजणं, हळू आहे, २० बाय २० मीटरच्या एका चौकोनात मीटरामीटरावर प्रोब (धातूच्या सळ्या) रोवायचे तर ४०० रीडिंग, अर्ध्या मीटरवर घेतलं तर १६००. पण दगडी पाया, तटबंदी, बुजलेला खंदक किंवा पाट असलं काही शोधायचं असेल तर भरवशाची तीच, कारण दगडातून वीज कमी जाते आणि खंदकात भरलेल्या ओल्या मातीतून जास्त. इनामगावला बांध आणि पाण्याचा पाट मिळालाय, असल्या गोष्टींसाठी मी हीच वापरेन. भर उन्हाळ्यात नको, सुकलेल्या मातीत प्रोबला कॉन्टॅक्ट मिळत नाही. पावसाळा सरल्यावर, खरीप निघाला आणि रान मोकळं असलं की जा.

पैसे एकाच मशीनचे असतील तर काळ्या मातीच्या टेकाडावर मॅग्नेटोमीटर, दोन परवडत असतील तर आधी तो सगळीकडे आणि मग निवडक चौकोनांत रेझिस्टिव्हिटी. भंडारा जिल्ह्यातल्या पवनीसारख्या विटांच्या साइटवर पण हाच क्रम चालेल, वीट भाजलेलीच असते. कच्च्या मातीच्या भिंती मात्र तिघांनाही अवघड जातात, मातीत माती, फरकच कमी. तिथे हाताच्या ऑगरने (माती काढायचं गिरमिट) मातीचा नमुना काढून राख, कोळसा, खापरी लागते का ते बघा, आणि भोक लहान असलं तरी ते खोदणंच आहे, परवानगी आधी काढा.