नाशिकची वाईन ट्रिप की देवगिरी-कडवंची? संभाजीनगरवरून निघणाऱ्यांसाठी

जानेवारी संपत आला की आमच्या ग्रुपवर ठरलेला प्रश्न येतो, यंदा ती नाशिकची वाईनवाली ट्रिप करायची का, पहाटे निघून रात्री परत, सोबत गाइड, लेणी पण होतात आणि द्राक्षबागा पण. मी ती केलीय. आणि त्याच्या पुढच्या वर्षी पैसे आणि कंबर दोन्ही वाचवायचं म्हणून इथल्या इथं देवगिरी किल्ला आणि जालन्याकडचं द्राक्षांचं गाव कडवंची पण केलंय, ओळखीचा एक गाइड आणि मेव्हण्याची गाडी. ज्यांचं अजून ठरेना त्यांच्यासाठी दोन्ही समोरासमोर ठेवतो.

आधीच सांगतो, ग्लास फिरवून घोट घ्यायचाच असेल तर इथल्या चकरेत तो नाही. कडवंचीची द्राक्षं खायची आहेत, वाईनची नाहीत. तुमचा सगळा जीव त्या घोटातच असेल तर सरळ नाशिकचं बघा, फक्त एका दिवसात करू नका, का ते खाली येतंच.

रस्त्याचं बघा. संभाजीनगर ते नाशिक दोनशे किलोमीटरच्या आतबाहेर, एकतर वैजापूर-येवल्यावरून नाहीतर समृद्धीनं सिन्नरकडं उतरून. म्हणायला साडेतीन-चार तास, पण टेम्पो ट्रॅव्हलर म्हणजे पहिला माणूस सिडकोत चढतो आणि शेवटचा वाळूजला, मध्ये चहा, मग कुणाला तरी वैजापूरला नाश्ता आठवतो, आम्ही पहाटे पाचला निघून लेण्यांच्या पायथ्याशी साडेदहाला पोचलो. येताना तेवढंच. म्हणजे दिवसाचे दहा-अकरा तास सीटवर गेले. जालनेकरांनी अजून एक तास धरा, आणि लातूर-नांदेडवाल्यांनी एका दिवसात हा नादच करू नये. देवगिरी घरापासून पंधरा किलोमीटर, सकाळी आठला किल्ल्याच्या दारात.

आता इतिहास. कागदावर नाशिकचा इतिहास भारी आहे आणि तो आपलाच आहे, हेच कुणी सांगत नाही. पांडवलेणी म्हणजे त्रिरश्मी डोंगरातली 24 बौद्ध लेणी, पांडवांचा संबंध फक्त नावापुरता. त्यातल्या तीन नंबरच्या लेण्यात गौतमी बलश्रीचा शिलालेख आहे, म्हणजे सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीच्या आईचा. पोरगा गेल्यावर, नातवाच्या राज्यात, आईनं लेकाची थोरवी दगडात कोरून ठेवली, ज्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचं पाणी प्यालं असा तो, क्षत्रियांचा माज उतरवणारा असा तो. आणि ह्या सातवाहनांची राजधानी कुठली, तर पैठण! आपलं गोदाकाठचं पैठण. दहा नंबरच्या लेण्यात त्याच्या शत्रूकडचे लेख आहेत, नहपान नावाच्या शक राजाचा (क्षत्रपाचा) जावई उषवदात याचे. एकाच डोंगरात दोन्ही पार्ट्यांचे बोर्ड लागल्यासारखं आहे ते. नाशिकजवळच जोगळटेंभीला 1906 मध्ये नहपानाची तेरा हजारांवर चांदीची नाणी सापडली, त्यातली बरीचशी गौतमीपुत्रानं परत स्वतःचा ठसा मारून चालवलेली, म्हणजे जिंकल्यावर नोटा पण बदलल्या गड्यानं.

यातलं आमच्या गाइडनं काय सांगितलं? काहीच नाही. कंपनीचं नाव घेत नाही, पण त्या पोरानं वर चढल्यावर "इथे पांडव वनवासात राहिले" म्हणून सुरुवात केली, तीन नंबरच्या व्हरांड्यात सगळ्यांचे फोटो काढून दिले आणि शिलालेखाकडं पाठ करून उभा राहिला. पस्तीस मिनिटात सगळे खाली, कारण बारा वाजता वायनरीत स्लॉट होता. बुक करायच्या आधी एवढंच विचारा की लेण्यांना किती वेळ आहे. दीड तासाच्या खाली सांगितलं तर ती वाईन ट्रिप आहे, हिस्टरी नुसती तोंडी लावायला.

देवगिरीला उलटं झालं. तिथं घड्याळ आपल्या हातात. यादवांची राजधानी, 1296 ला अल्लाउद्दीन खिलजी येऊन लुटून गेला, 1327 ला मुहम्मद तुघलकानं दिल्ली उचलून इथं आणली आणि दौलताबाद नाव दिलं, एवढं शाळेत झालेलं असतं सगळ्यांचं. पण अंधारीत, म्हणजे किल्ल्यातल्या काळोख्या भुयारी वाटेत शिरल्यावर गाइडनं सगळ्यांना मोबाईलचे टॉर्च बंद करायला लावले आणि दोन मिनिटं कुणी बोलायचं नाही म्हणाला. वटवाघळांचा तो वास, पायाखाली उंचीनं सारखी नसलेली पायरी, पुढच्या माणसाच्या शर्टाला धरलेली बायको, तेव्हा कळतं की शत्रूला इथं तलवार दाखवायची पण गरज नव्हती. वर चिनी महालात गोवळकोंड्याचा शेवटचा कुतुबशहा, तानाशहा, 1687 नंतर कैदेत होता. परत येताना जमलं तर खुलताबाद करा, मलिक अंबरची कबर तिथं आहे, गर्दी नसते आणि बांधकाम शांतपणे बघण्यासारखं आहे.

आणि द्राक्षं म्हणाल तर गंमत इथंच आहे. चौदाव्या शतकात इब्न बतूता दौलताबादला आला होता, त्यानं लिहून ठेवलंय की इथं द्राक्षं आणि डाळिंबं वर्षातून दोनदा येतात. वाईनचं तर त्याच्याही मागचं आहे, पहिल्या शतकातल्या पेरिप्लस नावाच्या ग्रीक व्यापारी टिपणात भडोच बंदरात इटलीची वाईन उतरायची असं आहे, आणि त्याच टिपणात भडोचहून वीस दिवसांवर पैठण आणि तिथून दहा दिवसांवर तगर, म्हणजे आपल्या धाराशिवचं तेर. त्यातली किती वाईन पैठणपर्यंत पोचली कुणास ठाऊक, पण नाशिकवाल्यांनी वाईन कॅपिटल म्हणून लई मिरवू नये एवढं नक्की.

चाखायच्या बाबतीत मात्र नाशिकला तोड नाही, हे पण कबूल. गंगापूर धरणाच्या बाजूला सुला, यॉर्क, सोमा अशा वायनऱ्या आहेत. स्टीलच्या उंच टाक्या, थंडगार खोलीत ओकची पिंपं, आणि तिथली मुलगी नीट समजावून सांगत होती, की काळ्या द्राक्षाचा रस पण आतून पांढराच असतो, रंग सालीतून येतो, रेडसाठी सालीसकट आंबवतात आणि व्हाइटसाठी साल आधी काढतात. मग टेबलावर ओळीनं ग्लास, तळाला दोन-दोन घोट. शेनिन ब्लांक नावाच्या व्हाइट वाईनला मला पिकलेल्या पेरूचा वास आला, मेव्हण्याला काहीच आला नाही, तो म्हणे सर्दी झालीय. शिराज ही रेड घेतल्यावर जीभ आखडते, कच्चट जांभूळ खाल्ल्यावर होते ना, डिट्टो तशी, ते सालीतल्या टॅनिनमुळं. पहिल्या वायनरीत मजा आली, दुसरीत सगळे ग्लास सारखेच लागायला लागले आणि अर्धी गाडी पेंगत होती. म्हणून दोनच्या वर वायनऱ्या असलेलं पॅकेज घेऊ नका, तिसरीत कुणी काही चाखत नसतं.

तिथं बाग मात्र नुसती बघायची. वायनरीच्या दारातली बाग बहुतेक दर्शनी असते, मोठ्या वायनऱ्या बराच माल शेतकऱ्यांकडून करारावर घेतात, आणि वाईनचं द्राक्ष बारीक, जाड सालीचं, बियांचं, तोडून खाण्यातलं नसतंच.

कडवंचीला हे सगळं उलटं. जालना जिल्ह्यातलं हे गाव, पाऊस बेताचा, 1990 च्या दशकात पाणलोटाची कामं झाली, खरपुडीच्या कृषी विज्ञान केंद्राच्या लोकांनी गावासोबत माथ्यापासून पायथ्यापर्यंत पाणी अडवलं, मग शेततळी झाली आणि त्या पाण्यावर द्राक्षबागा उभ्या राहिल्या. शेततळ्याच्या काठावर उभं राहून खाली हिरवा मंडप आणि पलीकडं उघडा करडा माळ बघितला की दुसरं काही सांगावं लागत नाही. ज्यांच्या बागेत गेलो ते दादा तासभर आमच्यासोबत फिरले. एप्रिलची खरड छाटणी, ऑक्टोबरची फळ छाटणी, कात्रीनं मणी विरळ करायला बाया किती लागतात, मणी फुगावेत म्हणून घड जीए या संजीवकाच्या द्रावणात कसे बुडवतात, सगळं. खिशातून दुर्बिणीसारखं छोटं यंत्र काढलं, एक मणी दाबून काचेवर थेंब टाकला आणि आमच्या पोराच्या डोळ्याला लावला, "सांग बेटा किती दिसायलंय". गोडी, म्हणजे रसातली साखर, शंभरात अठराच्या वर होती. खायच्या द्राक्षाला एवढी झाली की तोडणी, वाईनच्याला त्याच्याही पुढं थांबतात. इथं तिकीट नाही, बोर्ड नाही, पर्यटनाचं गावच नाही ते, त्यामुळं आधी ओळख काढून फोन करून जायचं आणि फवारणीचा दिवस असेल तर मुकाट दुसरा दिवस घ्यायचा.

देवगिरी पश्चिमेला आणि जालना पूर्वेला, त्यामुळं एका दिवसात दोन्ही करताना साडेअकराला किल्ल्यावरून खाली पाहिजेच, नाहीतर बागेत पोचेपर्यंत ऊन कलतं. शहरातून जाताना नान खलिया खाऊन घ्या. जालन्याकडच्यांनी तर देवगिरी सोडून द्यावी आणि कडवंचीला सिंदखेडराजा जोडावं, जालन्यापासून तीसेक किलोमीटर, जिजाऊंचं जन्मस्थान, लखुजी जाधवांचा वाडा. फक्त 12 जानेवारीला जाणार असाल तर जिजाऊ जयंतीची गर्दी धरून चाला.

खर्चाचं म्हणाल तर नाशिकच्या पॅकेजमध्ये टेस्टिंग धरलंय का, जेवण धरलंय का हे वेगवेगळं विचारा. आमच्या वेळी जेवण धरलेलं नव्हतं आणि वायनरीच्या हॉटेलचं बिल बघून मेव्हण्याची सर्दी लगेच बरी झाली. इथल्या चकरेत डिझेल, किल्ल्याचं तिकीट आणि गाइडचे पैसे, संपलं.

तारखेचा घोळ बऱ्याच जणांचा होतो. 26 जानेवारीला सुट्टी म्हणून नाशिक ठरवतात आणि त्या दिवशी ड्राय डे, 30 जानेवारीला पण. वाईनला वय 21 लागतं, कॉलेजची पोरं सोबत असतील तर आधार कार्ड ठेवा. पावसाळ्यात दोन्हीकडं हिरवंगार असतं पण वेलीवर घड नसतो, एप्रिलनंतर तर छाटलेल्या काड्या बघाल. जानेवारीचा शेवट ते मार्चचा मध्य, एवढाच काय तो सीझन.

मग घ्यायचं काय? मित्र-मित्र असाल किंवा नवरा-बायको दोघंच, आणि वाईन खरंच समजून घ्यायचीय, तर नाशिक, पण वंदे भारत नाहीतर तपोवननं नाशिकरोडला उतरा, एक रात्र राहा, पहिल्या दिवशी दुपारनंतर एकच वायनरी, दुसऱ्या दिवशी सकाळी मिसळ खाऊन उन्हाच्या आत लेणी, गाइड तिथलाच घ्या आणि तीन नंबरच्या लेण्यात अर्धा तास पाहिजे असं आधीच सांगा. स्वतःची गाडी नेलीच तर जो चालवणार त्यानं ग्लासाला हात लावायचा नाही, आणि तेवढं धैर्य कुणात नसेल तर रेल्वेच बरी. घरचे सगळे असतील, लहान पोरं, सासू-सासरे, तर कडवंचीचा प्लॅन डोळे झाकून. माझी आई माळकरी, नाशिकला तिनं दोन तास वायनरीच्या बाहेर झाडाखाली बसून काढले आणि परत आल्यावर आठवडाभर ऐकवलं. कडवंचीत तीच आई त्या दादांच्या आईसोबत ओट्यावर बसून मनुके कसे वाळवायचे ते विचारत होती आणि निघायला तयार नव्हती. पायऱ्यांचा त्रास दोन्हीकडं आहे, गुडघे दुखणाऱ्यांना देवगिरीला चांदमिनारपर्यंतच न्या, पुढं अंधारीत नेऊ नका.

पहाटेची एका दिवसाची ती टेम्पो ट्रॅव्हलरवाली ट्रिप मी तरी परत करणार नाही. आणि कडवंचीला जाणार असाल तर डिकीत दोन रिकामे क्रेट टाका, आम्ही पिशव्यांमधून आणली आणि केंब्रिज चौकापर्यंत खालच्या घडांचा रस सीटवर.