न्यू जर्सीची काउंटी: करबिलातल्या पहिल्या ओळीचे परीक्षण

नोटरीची शपथ घेण्यासाठी मी न्यू ब्रन्सविक येथील मिडलसेक्स काउंटी क्लर्कच्या कार्यालयात गेलो, तेव्हा काउंटी नावाच्या सेवेकडे पहिल्यांदा नीट पाहिले. राज्याकडून नियुक्तीचे पत्र आल्यावर तीन महिन्यांच्या आत ही शपथ काउंटी क्लर्कच्या कार्यालयात घ्यावी लागते. खिडकीमागच्या बाईंनी कागद तपासले, मला उजवा हात वर करायला सांगितला आणि शपथेचे एकेक वाक्य सावकाश म्हटले. मी ते त्यांच्यामागून म्हटले, सही केली आणि पाच मिनिटांत मोकळा झालो. बाई घाईत नव्हत्या, कंटाळलेल्याही नव्हत्या. त्या दिवसापासून घरपट्टीच्या बिलातील ‘काउंटी टॅक्स’ ही ओळ मी नुसती भरत नाही, वाचतो. बहुतेक बिलांत ती सर्वात वर असते. तिच्याखाली शाळेचा आणि गावाचा कर येतो. दर वर्षी आपण ज्या सेवेचे पैसे भरतो, ती कशी आहे आणि आजच्या रूपाला कशी आली, हे सांगावे म्हणून हे परीक्षण लिहीत आहे.

महाराष्ट्रातून आलेला माणूस काउंटीला ‘जिल्हा’ म्हणतो आणि तिथेच फसतो. जिल्ह्याला जिल्हाधिकारी असतो, तो सरकारने नेमलेला असतो आणि महसुलापासून आपत्तीपर्यंत सगळ्या गोष्टींसाठी लोक त्याच्या दारात जातात. न्यू जर्सीच्या काउंटीत असा एक अधिकारी नाही. क्लर्क, शेरीफ आणि वारसा व मृत्युपत्राची प्रकरणे पाहणारा सरोगेट या तिघांना राज्यघटनेनुसार लोक निवडून देतात, तर सरकारी वकील म्हणजे प्रॉसिक्युटर गव्हर्नर नेमतो. शिवाय या राज्यात गावाच्या हद्दीबाहेर एक इंचही जमीन नाही. सगळे राज्य ५६४ नगरपालिकांत वाटले गेले आहे आणि त्यांच्यावर २१ काउंट्यांची चौकट आहे. त्यामुळे पोलीस, कचरा, बांधकामाचा परवाना ही रोजची कामे गावाकडे आणि मोठी सूत्रे राज्याकडे राहतात. मधल्या जागेत जे उरते ते काउंटीचे. तिच्या साडेतीनशे वर्षांच्या इतिहासात ही मधली जागा सतत बदलत आली आहे.

बर्गेन, एसेक्स, मिडलसेक्स आणि मॉन्मथ या चार काउंट्या १६८३ मध्ये, इंग्रजांच्या ईस्ट जर्सी वसाहतीत निर्माण झाल्या. तेव्हाची काउंटी म्हणजे मुख्यतः न्यायालय, तुरुंग आणि जमिनीच्या नोंदी. लोकसंख्या वाढली, गावांचे हितसंबंध वेगळे झाले, तशा मोठ्या काउंट्या फुटत गेल्या. १८३७ मध्ये पसेइक आणि अटलांटिक, १८४० मध्ये हडसन, १८४४ मध्ये कॅम्डेन आणि शेवटी १८५७ मध्ये एसेक्समधून युनियन वेगळी झाली. त्यानंतर आजपर्यंत एकही नवी काउंटी झालेली नाही.

कारभार पाहणाऱ्या मंडळाचे नाव होते ‘बोर्ड ऑफ चोझन फ्रीहोल्डर्स’. फ्रीहोल्डर म्हणजे स्वतःच्या पूर्ण मालकीची जमीन असलेला माणूस. ज्याला जमीन त्यालाच कारभारात स्थान, अशा काळातले हे नाव अमेरिकेत शेवटी फक्त न्यू जर्सीत उरले होते. मी इथे आलो तेव्हा निवडणुकीच्या मतपत्रिकेवर तो शब्द वाचून, हे पद नेमके कशाचे, असे शेजाऱ्याला विचारले होते आणि इथेच जन्मलेल्या त्या गृहस्थांनाही ते सांगता आले नव्हते. २०२० मध्ये गव्हर्नर फिल मर्फी यांनी नाव बदलण्याच्या कायद्यावर सही केली आणि १ जानेवारी २०२१ पासून हे सदस्य ‘काउंटी कमिशनर’ झाले. जी संस्था लोकांकडून कर घेते तिचे नाव लोकांना कळले पाहिजे, म्हणून हा बदल मला फार मोलाचा वाटतो.

काउंटीने गमावलेल्या गोष्टींची यादी छोटी नाही. १७७६ च्या पहिल्या राज्यघटनेपासून विधिमंडळाच्या वरच्या सभागृहात प्रत्येक काउंटीला एक जागा होती. १९६० च्या जनगणनेत एसेक्सची लोकसंख्या नऊ लाखांच्या वर होती आणि केप मेची पन्नास हजारांच्या आत. तरी दोघींचा सिनेटर एकेकच. १९६४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने राज्यांच्या दोन्ही सभागृहांत लोकसंख्येनुसार प्रतिनिधित्व हवे असा निकाल दिला आणि १९६६ च्या घटना परिषदेनंतर ही जुनी व्यवस्था संपली. १९७८ मध्ये काउंटी न्यायालये राज्याच्या सुपीरियर कोर्टात विलीन झाली आणि १९९५ पासून न्यायालयांचा खर्चही राज्याने उचलला. ज्या कामासाठी काउंटी जन्माला आली, ते अशा रीतीने तिच्या हातून बरेचसे गेले.

अगदी अलीकडचा बदल मतपत्रिकेचा आहे. पक्षांतर्गत निवडणुकीच्या मतपत्रिकेची मांडणी काउंटी क्लर्क करतो. २१ पैकी १९ काउंट्यांत पक्षाच्या काउंटी संघटनेने पाठिंबा दिलेल्या उमेदवारांची नावे एकाच ओळीत लागत आणि बाकीचे उमेदवार कुठेतरी कडेला पडत. २०२४ मध्ये अमेरिकी सिनेटसाठी डेमोक्रॅटिक पक्षाची उमेदवारी मागणाऱ्या अँडी किम यांच्या दाव्यावर संघराज्याच्या न्यायालयाने डेमोक्रॅटिक पक्षाच्या निवडणुकीपुरती ही पद्धत थांबवली आणि २०२५ मध्ये राज्याने कायदा करून तिला निरोप दिला. मी या ‘लाइन’च्या मतपत्रिकेवर अनेक वर्षे मत दिले आहे. कडेच्या रकान्यात एकटे पडलेले नाव शोधायला किती वेळ लागे, हे ज्याने शोधले आहे त्यालाच माहीत. या अधिकाराचा संकोच झाला ते योग्यच झाले.

एवढे गमावूनही काउंटी निरुपयोगी झाली नाही, याचे सर्वात सुंदर उत्तर नेवार्कमध्ये आहे. १८९५ मध्ये एसेक्स काउंटीने उद्यान आयोग स्थापन केला आणि ब्रांच ब्रूक पार्क हे देशातील पहिले काउंटी उद्यान उभे राहिले. एकट्या गावाच्या आवाक्याबाहेरचे आणि राज्याच्या नजरेत न येणारे असे काम काउंटी करू शकते, हे तिथे प्रथम दिसले. १९२७ मध्ये कॅरोलाइन बॅम्बर्गर फुल्ड यांनी सुमारे दोन हजार चेरीची झाडे या उद्यानाला दिली. आज तिथे पाच हजारांहून अधिक झाडे आहेत. साताऱ्याहून आलेल्या आईला मी एका एप्रिलमध्ये तिथे घेऊन गेलो. फुलांच्या पाकळ्या ओल्या वाटेवर इतक्या दाट पडल्या होत्या, की आईने चपलेने त्या तुडवायच्या नाहीत म्हणून गवतावरून चालायला सुरुवात केली. थोड्या वेळाने तिने विचारले, “तिकीट कुठे काढायचे रे?” तिकीट नाही म्हटल्यावर तिचा विश्वास बसेना. माझ्या दृष्टीने काउंटी टॅक्सची पावती ही अशी असते.

रस्ते आणि महाविद्यालये या नंतरच्या जबाबदाऱ्या. निळ्या पंचकोनावर पिवळ्या आकड्यांची पाटी दिसली की तो रस्ता काउंटीचा. एडिसनच्या प्लेनफिल्ड अ‍ॅव्हेन्यूवर ५२९ ची पाटी रोज हजारो लोक पाहतात. १९६० च्या दशकात काउंटी महाविद्यालयांचा कायदा झाला आणि १९६६ मध्ये एडिसनमध्ये मिडलसेक्सचे महाविद्यालय सुरू झाले. आमच्या ओळखीतल्या अनेक मराठी घरांतील मुलांनी पहिली दोन वर्षे तिथे काढून मग चार वर्षांच्या विद्यापीठात प्रवेश घेतला आणि आईवडिलांचे शुल्क वाचवले. अन्नसाहाय्य आणि मेडिकेड या कमी उत्पन्नवाल्यांच्या सरकारी आरोग्यविम्याचे अर्जही इथे काउंटीची समाजसेवा कार्यालये हाताळतात. गरज पडेपर्यंत ही बाजू कुणाला दिसत नाही.

आता क्लर्कच्या खिडकीविषयी. पासपोर्टचा अर्ज, खरेदीखताची नोंदणी, टपाली मतपत्रिकेचा अर्ज ही तिथली मुख्य कामे. खरेदीखताच्या बाबतीत हे कार्यालय आपल्याकडच्या दुय्यम निबंधकासारखे आहे, असे म्हणता येईल. नोंदणी झाल्यावर पुस्तक आणि पान क्रमांकाचा शिक्का बसलेले खत घरी आले, तेव्हा गावाकडच्या सात-बाराची आठवण झाली. मुलाच्या पासपोर्टसाठी आम्ही दोघे नवराबायको त्याला घेऊन गेलो होतो. सोळा वर्षांखालील मुलासाठी दोन्ही पालक लागतात, हे आधी वाचून गेल्यामुळे एका फेरीत काम झाले. मात्र विवाहाचा परवाना आणि जन्माचा दाखला काउंटीत मिळत नाही. ते काम गावाच्या रजिस्ट्रारचे. टेक्सासमध्ये विवाहाचा परवाना काउंटी क्लर्कच देतो, त्यामुळे तिकडून आलेल्या एका मित्राची पहिली फेरी वाया गेली.

सेवेचा खरा दोष इथेच आहे. पूर्वी मी राज्यातील दुसऱ्या एका काउंटीत राहत होतो. घराजवळच्या वळणावर मोठा खड्डा पडला आणि एका संध्याकाळी माझ्या गाडीचे चाक त्यात आदळून टायर फाटला. गावाच्या कार्यालयाने काउंटीकडे बोट दाखवले, काउंटीने राज्याकडे आणि राज्याने पुन्हा काउंटीकडे. खड्डा बुजायला पाच आठवडे लागले. निळी पाटी कोपऱ्यावर उभी होती, पण फोन उचलणाऱ्या कुणालाही ती माहीत नव्हती. काम कुणाचे, हे पहिल्याच फोनवर सांगता येत नसेल, तर कर भरणाऱ्याने कुणाला जाब विचारायचा?

कनेटिकटने १९६० मध्ये काउंटी सरकारे बरखास्त केली. तिथे काउंटी नकाशावर उरली, कारभारात नाही. न्यू जर्सीनेही तसे करावे, असे काही जण म्हणतात. ५६४ गावे आपापली उद्याने आणि महाविद्यालये चालवू शकणार नाहीत, त्यामुळे मला ते पटत नाही. पाचपैकी चार गुण मी मनापासून देतो. पाचवा गुण राखून ठेवला आहे तो एका फलकासाठी: प्रत्येक काउंटी इमारतीच्या दारात, कोणते काम काउंटीचे, कोणते गावाचे आणि कोणते राज्याचे, हे मोठ्या अक्षरांत लिहिलेले असावे. तोवर नव्याने आलेल्यांनी घरातून निघण्यापूर्वी एक फोन जरूर करावा, आणि घराच्या करआकारणीविरुद्ध काउंटीच्या कर मंडळाकडे अपील करायचे असेल तर १ एप्रिलची सर्वसाधारण मुदत आपल्या काउंटीत लागू आहे का, हे जानेवारी उजाडण्यापूर्वीच विचारून घ्यावे, कारण काही काउंट्यांत ही मुदत जानेवारीतच संपते.