साडेअकरा इंची इनफिल्ड ग्लोव्ह आणि बिड मॅकफीचे उघडे हात

चिमणबागेच्या मैदानावर बेसबॉल खेळणाऱ्या माझ्या पुतण्यासाठी यंदा उन्हाळ्यात साडेअकरा इंची चामडी ग्लोव्ह घेतला. इंदूरमध्येच, राजवाड्यापासून पायी जाता येईल अशा एका खेळसाहित्याच्या दुकानात तो अडीच हजार रुपयांना मिळाला. तीन महिने जवळजवळ रोज वापरून झाल्यावर हा अभिप्राय लिहीत आहे. पुतण्या सेकंड बेसवर, म्हणजे मैदानाच्या आतल्या भागातील (इनफिल्डमधील) दुसऱ्या तळाजवळ, उभा राहतो. त्या जागेवरचा ग्लोव्ह चेंडू किती घट्ट धरतो यापेक्षा, धरलेला चेंडू फेकीच्या हातात किती लवकर येऊ देतो, हे मी आधी पाहतो. एकोणिसाव्या शतकातील अमेरिकी बेसबॉलपटू बिड मॅकफी याची कारकीर्द वाचल्यापासून माझी हीच कसोटी आहे.

जॉन अलेक्झांडर ऊर्फ बिड मॅकफी १८८२ मध्ये सिनसिनाटीच्या संघात आला आणि १८९९ पर्यंत, म्हणजे सलग अठरा हंगाम, त्याच संघाचा सेकंड बेस सांभाळत राहिला. पहिल्याच वर्षी त्या संघाने अमेरिकन असोसिएशन या तेव्हाच्या व्यावसायिक लीगचे अजिंक्यपद मिळवले. पुढे १८९० मध्ये संघ नॅशनल लीगमध्ये गेला, तेव्हा मॅकफीही बरोबर गेला. त्याच्या डोळ्यांदेखत एकेक खेळाडू ग्लोव्ह चढवू लागला होता. तो मात्र मिठाच्या पाण्यात हात भिजवून तळवे टणक करी आणि जमिनीवरून उसळत येणारे चेंडू उघड्या हातांनीच टिपी. १८८६ मध्ये त्याने ५२९ पुटआउट (चेंडू हाती धरून प्रतिस्पर्ध्याला बाद करणे) केले आणि सेकंड बेसवरील एका हंगामाचा तो विक्रम आजही अबाधित आहे. १८९६ मध्ये बोट दुखावल्यामुळे त्याने अखेर ग्लोव्ह घातला आणि त्याच हंगामात वाट्याला आलेल्या शंभरातील जवळपास अठ्ठ्याण्णव संधी बिनचूक पार पाडल्या. म्हणजे इतकी वर्षे त्याने उगाच हट्ट धरला, असे कोणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. चौदा हंगाम उघड्या तळव्यावर चेंडू झेलून जो हात घडला होता, त्या हाताला ग्लोव्हची जोड मिळाली, म्हणून तो आकडा साधला. २००० मध्ये त्याचा बेसबॉलमधील थोर खेळाडूंचा गौरव करणाऱ्या हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला, त्याच्या मृत्यूनंतर सत्तावन्न वर्षांनी.

या कसोटीवर आमचा ग्लोव्ह बऱ्यापैकी उतरतो. त्याचा चेंडू झेलण्याचा खळगा उथळ आहे, त्यामुळे चेंडू आत रुतून बसत नाही. डबल प्लेच्या (एकाच खेळीत दोघांना बाद करण्याच्या) वेळी पुतण्याची बोटे चेंडूच्या शिवणीवर पटकन पडतात, हे मी बाजूला उभा राहून अनेकदा पाहिले आहे. तळव्याखालचा थर मात्र गरजेपेक्षा जाड आहे. पहिले तीन आठवडे ग्लोव्ह धड मिटतही नव्हता आणि ‘काका, चेंडू लागलेला कळतच नाही,’ अशी त्याची तक्रार होती. रात्री खळग्यात चेंडू ठेवून ग्लोव्ह दोरीने बांधून ठेवल्यावर हळूहळू तो वळणावर आला.

खरी उणीव वाद्यांमध्ये, म्हणजे ग्लोव्ह ओवायच्या चामडी पट्ट्यांमध्ये, आहे. अंगठा आणि तर्जनी यांच्यामध्ये चामड्याच्या वाद्यांची जाळी ओवण्याची कल्पना सेंट लुइस कार्डिनल्स या अमेरिकी संघाचा पिचर (चेंडू टाकणारा खेळाडू) बिल डोक याने १९२० च्या सुमारास रूढ केली आणि त्यानंतर ग्लोव्ह हाताचे नुसते संरक्षण न राहता झेल घेण्याचे साधन झाला. त्याच जाळीची वादी आमच्या ग्लोव्हमध्ये दीड महिन्यात सैल पडली व एका बाजूने तुटली. दुकानदाराने तक्रार न करता समोर बसून नवी वादी ओवून दिली आणि पैसे घेतले नाहीत, ही गोष्ट आवर्जून नोंदवावीशी वाटते. मात्र खोबरेल तेल चोळण्याचा त्यांचा सल्ला मला पटला नाही. आम्ही एकदा चोळले, तर चामडे जड झाले आणि पावसाळा लागताच त्यावर बुरशी धरली.

चौदा वर्षांवरील मुलांना हे माप योग्य आहे. त्याहून लहान हातांना ते मोठे पडेल. डाव्या हाताने फेकणाऱ्यांना लागणारा, उजव्या हातात घालण्याचा ग्लोव्ह या दुकानात तयार नसतो, आधी सांगून मागवावा लागतो.