कसेल त्याची जमीन: तैवान आणि फिलिपिन्स

तैवानने 1949 मध्ये कुळाने जमीनदाराला द्यायचा खंड पिकाच्या 37.5 टक्क्यांवर आणला. 1953 मध्ये जमीनदाराकडे साधारण तीन हेक्टर भातजमीन ठेवून बाकीची कुळांच्या नावे केली. मोबदला 70 टक्के भात-रताळ्याच्या भावाशी बांधलेल्या सरकारी रोख्यांत आणि 30 टक्के सरकारी कारखान्यांच्या शेअरांत. मला खरी हुशारी इथेच दिसते: जमीनदाराचं भांडवल शेतातून उद्योगाकडे वळलं आणि कुळाच्या घरात चार पैसे उरू लागले.

फिलिपिन्सचा 1972 चा जमीनवाटपाचा हुकूम फक्त भात-मक्याच्या जमिनींना लागू होता. ऊस, नारळ सुटले. 1988 च्या कायद्यात तेही आले, पण जमिनीऐवजी कंपनीचे शेअर देण्याची पळवाट ठेवली. त्या पळवाटेत अडकलेल्या लुईसिता या मोठ्या ऊसमळ्यातल्या मजुरांना जमीन देण्याचा अंतिम निकाल लागला 2012 मध्ये. तोवर एक पिढी उसातच म्हातारी झाली.