सर्व्हर बॅकअपवाल्यांची सर्व्हिस : काम चांगलं, फोन मात्र उचलत नाही

आमचं जिनिंग वणीच्या बाजूला, कापसाच्या सीझनमध्ये काटा पावत्या धडाधड निघतात. फेब्रुवारीत अवकाळी पाऊस आला, वीज कडाडली आन् ऑफिसचा सर्व्हर गेला ना भाऊ. नागपुरातल्या या बॅकअपवाल्यांच्या मशीनवर आपल्या डेटाची कॉपी रोज जात होती म्हणून पंधरा-वीस मिनिटांत तिकडूनच काम सुरू झालं, गाड्यांची लाइन काही थांबली नाही. इथपर्यंत पैसे वसूल.

खरी गंमत नवा सर्व्हर आल्यावर. चार दिवसांच्या पावत्या तर नागपुरात, मग आता कॉपी उलटी चालवा लागते, तिकडून इकडे, त्याले रिव्हर्स रेप्लिकेशन म्हणतात. यांचा पोरगा आला आन् जुन्याच दिशेनं चालू करून राह्यला होता! म्हटलं काहून रे, इकडचा जुना डेटा तिकडं गेला तर चार दिवसांचं वजन पुसून जाईन ना. मग थांबला.

माझी पोरगी बीएस्सीला आहे, ती म्हणे बाबा, पेशीतही असंच असते, डीएनएवरून आरएनए बनते पण काही व्हायरस उलटं करतात, १९७० साली टेमिन आन् बाल्टिमोर या शास्त्रज्ञांनी ते उलटं काम करणारं एन्झाइम शोधलं, १९७५ ले नोबेल भेटलं. एचआयव्ही असंच शिरते म्हणे. तिथं मात्र उलटी कॉपी म्हणजे आजार, आन् चुकाही लय होतात.

आमच्या पावत्या मात्र सगळ्या जुळल्या, एकूण एक. तरी एक स्टार कापला, रविवारी फोन कोणीच उचलला नाही.