केस चालवायची, मिटवायची की समोरासमोर बसायचं? फिर्यादीच्या बाजूने तुलना

पार्किंगवरून भांडण झालं आणि खालच्या मजल्यावरच्या मुलाने दादाला असं ढकललं की मनगट फ्रॅक्चर. एफआयआर झाली, आणि आठवड्याच्या आत घरात सल्ल्यांची रांग लागली. मामा म्हणाले शेवटपर्यंत लढा, सोसायटीतले म्हणाले मिटवून टाका रोज एकाच लिफ्टने जायचंय, आणि दादा मात्र एकच म्हणत होता की मला पैसे नकोत आणि त्याला जेल पण नको, मला फक्त त्याच्या तोंडून ऐकायचंय की त्याने हे का केलं. ह्यातलं काय कुठे मिळतं हे शोधण्यात माझे सहा महिने गेले, म्हणून जे लोक आत्ता ह्याच वळणावर आहेत त्यांच्यासाठी लिहितेय.

आधी खटला. फौजदारी केस सरकार विरुद्ध आरोपी अशी असते, त्यात तुम्ही साक्षीदार. तपास कुठवर आला हे 90 दिवसांत फिर्यादीला कळवायचं असं नव्या नागरिक सुरक्षा संहितेत लिहिलंय, आरोपी सुटला तर तुम्हाला स्वतःला अपील करता येतं, म्हणजे पूर्वीइतकं परकं वाटत नाही. पण तारखा पडतात, उलटतपासणीत तुम्हालाच खोटं ठरवायचा प्रयत्न होतो, आणि आरोपीला मात्र गप्प बसायचा पूर्ण हक्क आहे. तो हक्क बरोबरच आहे, मी त्याच्या विरोधात नाही, पण दादाला जे हवं होतं ते इथे मिळणार नव्हतं हे पहिल्याच दिवशी वकिलांनी सांगितलं. बदल्यात मिळतं काय तर कोर्टाचा शिक्का, की हे घडलं आणि ह्याने केलं. ज्यांना समोरच्याची भीती वाटते, किंवा समोरचा पैशाने, जातीने, राजकीय ओळखीने वरचढ आहे, त्यांना हा शिक्का लाख मोलाचा आहे. त्यांनी खटलाच चालवावा, कितीही वर्षं लागोत.

दुसरं म्हणजे तडजोड, ज्याला सगळे 'मिटवणं' म्हणतात. साधी मारहाण कोर्टाच्या परवानगीशिवाय मिटते, दादासारखं फ्रॅक्चर असेल तर कोर्टाची परवानगी लागते, आणि कायद्याने जे गुन्हे मिटवता येत नाहीत त्यांच्यासाठी लोक हायकोर्टात एफआयआर रद्द करायला, म्हणजे क्वॅशिंगला जातात. 2012 मधे ग्यान सिंग केसमधे सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलंय की खून, बलात्कार, दरोडा असले गुन्हे दोन पार्ट्यांमधे मिटलं म्हणून रद्द होत नाहीत. लोक अदालतीत कोर्ट फी नाही, एका दिवसात विषय संपतो, पण तिथेही फक्त मिटवता येण्यासारखेच गुन्हे चालतात आणि निवाड्यावर अपील नाही.

हे सोपं, स्वस्त, पटकन. मग अडतं कुठे? कायद्याने तडजोड म्हणजे आरोपी निर्दोष सुटणं. आणि वकिलांच्या तयार मसुद्यात एक वाक्य हमखास असतं, "गैरसमजातून तक्रार दिली गेली". नीट वाचा ते वाक्य. मार तुम्ही खाल्ला आणि कागदावर चूक पण तुमचीच झाली! आमच्याकडे ते वाक्य आलं तेव्हा दादाने पेन खाली ठेवलं, आणि मला तेव्हा समजलं की केस मिटणं आणि झालेली जखम कुणीतरी मान्य करणं ह्या दोन वेगवेगळ्या गोष्टी आहेत.

गावाकडे हे अजून नाजूक आहे. 2007 मधे आर. आर. पाटील गृहमंत्री असताना तंटामुक्त गाव मोहीम आली, बांधावरची, भाऊबंदकीची कितीतरी भांडणं त्यात खरंच मिटली, पण गावाला बक्षीस मिळणार असेल तर तक्रार मागे घ्यायचा दबाव कमी ताकदीच्या माणसावर जास्त येणार हे उघड आहे. त्यामुळे 'गावाने मिटवलं' असं ऐकलं की मी आधी विचारते, नाही म्हणायची मुभा कुणाला होती?

आता तिसरं, समोरासमोर बसणं. ह्याला पुनर्स्थापक न्याय म्हणतात, शब्द जड आहे पण गोष्ट साधी. 1974 मधे कॅनडातल्या ऑन्टारिओमधल्या एल्मायरा गावात दोन तरुणांनी एका रात्रीत 22 ठिकाणी तोडफोड केली, तर जज्जांनी त्यांना घरोघरी पाठवलं, ज्यांचं नुकसान केलं त्यांना भेटायला आणि भरपाई ठरवायला. न्यूझीलंडने 1989 पासून अल्पवयीनांसाठी अशी कुटुंबासकट बैठक कायद्यातच आणली. ब्रिटनमधे सरकारी पैशाने ज्या चाचण्या झाल्या त्यात भाग घेतलेले 85 टक्के पीडित समाधानी होते. पण ह्या पद्धतीत एक अट आधीच असते, आरोपीने 'मी केलं' हे मान्य केलेलं पाहिजे, त्याशिवाय बैठक नाही. आणि दोघांशी आधी वेगवेगळं बोलून तयारी करून घेणारा मधला माणूस लागतो, थेट खुर्च्या मांडून बसवलं की नवीन भांडण सुरू.

नावाने फसू नका पण. 2020 मधे मध्य प्रदेश हायकोर्टाने विनयभंगाच्या आरोपीला जामिनाची अट घातली की तक्रार करणाऱ्या बाईकडूनच राखी बांधून घे. ते 2021 मधे सुप्रीम कोर्टाने रद्द केलं, आणि बरंच झालं. पुण्यात 2024 च्या कल्याणीनगर अपघातात दोघांचा जीव गेला आणि अल्पवयीन मुलाला जामिनाची अट म्हणून 300 शब्दांचा निबंध, तिथे तर गेलेल्यांच्या घरच्यांना कुणी काही विचारलंच नव्हतं. ज्याचं नुकसान झालं तोच खोलीत नाही, किंवा त्याला जबरदस्तीने बसवलंय, तर हा तिसरा रस्ता नाहीच.

आपल्याकडे मोठ्यांच्या गुन्ह्यांसाठी अशा बैठकीचा वेगळा कायदा नाही. जवळात जवळचं म्हणजे प्ली बार्गेनिंग, म्हणजे गुन्हा कबूल करून कमी शिक्षा मागणं, सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांना, महिला आणि मुलांवरचे गुन्हे वगळून. आरोपी अर्ज करतो, पीडित बैठकीत बसतो, भरपाई ठरते, आणि त्या अर्जात आरोपी जे लिहितो ते दुसरीकडे कुठे त्याच्याविरुद्ध वापरता येत नाही म्हणून तो खरं बोलायची हिंमत करू शकतो. फरक असा की इथे तो दोषी ठरतो, शिक्षा कमी मिळते एवढंच. म्हणूनच आरोपीचे वकील तडजोडीकडे ओढतात, ते साहजिक आहे, पण ते त्यांच्या अशिलाचं हित बघतायत, तुमचं नाही.

आम्ही शेवटी मधलं काहीतरी केलं. तडजोडच केली, पण सहीच्या आधी दोन्ही घरं ओळखणाऱ्या एका निवृत्त शिक्षक काकांसमोर बसलो. तो मुलगा पहिली दहा मिनिटं चप्पलकडे बघत होता, मग म्हणाला की बाबांना सगळ्यांसमोर 'भाडेकरू' म्हणालात ते डोक्यात गेलं. दादा तसं म्हणाला होता, खरंच. त्याने ते मान्य केलं पण हेही सांगितलं की दोन महिने मला शर्टाचं बटण लावता आलं नाही. तेव्हा त्या मुलाची आई रडली. पुरसिसमधून, म्हणजे तडजोडीचा जो लेखी कागद कोर्टात देतात त्यातून, 'गैरसमज' काढला, 'घटना घडली व त्याबद्दल दिलगीर आहे' असं घातलं, त्यासाठी त्यांच्या वकिलांशी तीन वेळा वाद झाला.

तुमच्या घरी मारणारा घरातलाच असेल किंवा गुन्हा लैंगिक असेल तर कुणी कितीही गोड बोलून समोर बसवायला बघितलं तरी बसू नका, तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे जा, महिलांना वकील मोफत मिळतो. बाकीच्यांनी पुरसिस घरी आणून शांतपणे वाचा, आणि भरपाईचा चेक असेल तर तो वटल्याशिवाय सही करू नका.