हिब्रू कविता कोठून वाचायला घ्यावी : स्तोत्रे, अंदालुसी वृत्ते की आधुनिक कविता?

हिब्रू कविता मुळातून वाचण्याची इच्छा असलेल्या मराठी वाचकाला अगदी पहिल्या आठवड्यातच एक निवड करावी लागते. ही काव्यपरंपरा जवळपास तीन हजार वर्षांची असून तिच्या अभ्यासाचे ढोबळमानाने तीन टप्पे पडतात : बायबलमधील कविता, दहाव्या ते बाराव्या शतकांत मुस्लिम स्पेनमध्ये म्हणजे अंदालुसमध्ये बहरलेली कविता आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासूनची आधुनिक कविता. बावीस अक्षरांची, उजवीकडून डावीकडे जाणारी लिपी तिन्हींना समान आहे. पूर्वतयारी मात्र प्रत्येकीची वेगळी आहे. (मधल्या काळातील पियुत ही प्रार्थनाकाव्ये येथे बाजूला ठेवली आहेत, कारण ती इतकी दुर्बोध आहेत की नवशिक्याने त्यांच्या वाटेला जाऊ नये.)

बायबलमधील कवितेत यमकाचा नियम नाही आणि लघु-गुरूंचे गणितही नाही. एका चरणात सांगितलेले दुसऱ्या चरणात थोडे वळवून, वाढवून किंवा उलटवून पुन्हा म्हणणे, म्हणजेच समांतरता, हा तिचा कणा आहे, आणि ऑक्सफर्डचे रॉबर्ट लाउथ यांच्या १७५३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लॅटिन व्याख्यानांपासून तिच्या अभ्यासाची चर्चा या कल्पनेभोवती फिरत आली आहे. बायबलच्या ‘स्तोत्रसंहिता’ या पुस्तकातील ११४व्या स्तोत्राची एक ओळ पाहावी : ‘हेहारीम राक्दू खेएलीम, ग्वाओत किव्ने त्सोन’. पर्वत एडक्यांसारखे नाचले, टेकड्या कोकरांसारख्या. नाचण्याचे क्रियापद फक्त पहिल्या चरणात आहे. दुसऱ्या चरणात ते वाचकाने मनात धरायचे असते, आणि पर्वतावरून टेकडीवर व एडक्यावरून कोकरावर उतरत जाणारी ही ओळ त्या गाळलेल्या क्रियापदामुळेच हलकी होते. हे स्तोत्र वल्हांडण (पासोव्हर) या ज्यू सणाच्या रात्री वाचल्या जाणाऱ्या हगादा या पोथीत येते, आणि कोकणातून आलेल्या बेने इस्रायल या ज्यू समाजासाठी मराठी भाषांतरासह हगादा १८४६ मध्ये मुंबईत व १८७४ मध्ये पुण्यात छापली गेली होती. त्यामुळे मराठी वाचकाला हे दार तितकेसे परके नाही.

या टप्प्याची अडचण काळांची आहे. स्तोत्रांतील क्रियापद भूतकाळी घ्यावे की भविष्यकाळी, यावर टीकाकारांचे एकमत होत नाही, आणि एकापेक्षा अधिक मराठी बायबले शेजारी ठेवली की तो गोंधळ डोळ्यांना दिसतो. ईयोबाच्या पुस्तकात तर अन्यत्र कोठेही न आढळणारे शब्द इतके आहेत की ते पहिल्या वर्षी घेऊ नये.

अंदालुसी कविता छंदाच्या दृष्टीने आपल्याला सर्वांत जवळची आहे. दहाव्या शतकात दुनाश बेन लब्रात यांनी अरबी वृत्तपद्धती हिब्रूत आणली, आणि तिच्यात ऱ्हस्व व दीर्घ उच्चारांचा ठरलेला क्रम असतो. सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनागृहात, गायले जाणारे ‘अदोन ओलाम अशेर मालाख’ हे स्तवन लघु-गुरू लावून म्हटले तर सरळ ‘लगागागा लगागागा’ मिळते. मराठी गझल लिहिणाऱ्याला ही लगावली वेगळी शिकवावी लागत नाही. ग्रानाडाचे वजीर शमुएल हानागिद यांनी याच वृत्तांत रणांगणावरच्या कविता लिहिल्या, आणि यहुदा हालेवी यांनी आपण पश्चिमेच्या टोकाला असून हृदय पूर्वेला, म्हणजे जेरुसलेमकडे, असल्याची ती प्रसिद्ध ओळ लिहिली. पुढे ११४० मध्ये ते खरोखरच घर सोडून इजिप्तला पोहोचले, हे कैरोच्या गेनिझातील, म्हणजे सिनेगॉगमधील जुन्या कागदांच्या कोठडीतील, पत्रांवरून कळते. त्याच कागदपत्रांत दुनाश यांच्या पत्नीची एक कविता सापडली. निरोप घेताना पतिपत्नींनी एकमेकांची वस्त्रे आठवण म्हणून घेतल्याचे ती सांगते, आणि माझ्या मते तिच्या पतीच्या उपलब्ध कवितांपेक्षा ती सरस आहे.

तरीही हा टप्पा प्रथम घेऊ नये. हे कवी बायबलमधील शब्दसमूह उचलून नव्या, कधी थेट खट्याळ अर्थाने बसवतात, आणि ज्याला मूळ ओळ आठवत नाही त्याला मद्याच्या पेल्यावरची कविता निव्वळ मद्याच्या पेल्यावरचीच वाटते.

आधुनिक कवितेचा मोठा फायदा असा, की ही भाषा आज बोलली जाते. शिवाय हिब्रू वर्तमानपत्रे स्वरचिन्हांशिवाय छापली जातात, पण कविता बहुधा स्वरचिन्हांसह छापतात, त्यामुळे शिकणाऱ्याला बातमीपेक्षा कविता वाचणे सोपे जाते. विसाव्या शतकातील कवयित्री राहेल यांच्या छोट्या कविता सहा महिन्यांच्या अभ्यासावर वाचता येतात. आधुनिक टप्प्याच्या आरंभीचे कवी बियालिक यांच्याबाबत मात्र सावध राहावे. त्यांनी पूर्व युरोपातील उच्चारांवर आपली लय बांधली. पक्षी या अर्थाचा शब्द त्यांच्या कानात ‘त्सिपोरो’ असा, मधल्या अक्षरावर आघात घेऊन येई, तर आज तो ‘त्सिपोरा’ असा शेवटच्या अक्षरावर आघात देऊन म्हटला जातो. आजच्या उच्चाराने वाचल्यास त्यांच्या अनेक ओळी लंगडतात.

इस्रायली कवी यहुदा अमिखाई यांची भाषा साधी दिसते, पण फसवी आहे. ज्यूंच्या अंत्यविधीच्या प्रार्थनेची सुरुवात ‘एल माले रखमीम’, म्हणजे ‘दयेने परिपूर्ण देवा’, अशी होते. अमिखाई याच शब्दांनी कविता सुरू करतात आणि लगेच पहिल्या दोन शब्दांची तीच अक्षरे जोडून ‘इलमाले’ हा ‘नसता तर’ या अर्थाचा शब्द घडवतात. देव दयेने इतका भरलेला नसता, तर थोडी दया जगातही उरली असती, असा त्याचा रोख आहे. प्रार्थना ठाऊक नसलेल्याला येथे केवळ तक्रार ऐकू येते.

म्हणून माझा सल्ला कालक्रम मोडणारा आहे. वर्षभर रोज तासभर देता येणार असेल, तर पहिले सहा महिने पंधरा-वीस लहान स्तोत्रे मराठी बायबल शेजारी ठेवून पाठ होईपर्यंत वाचावीत, नंतर थेट राहेल आणि अमिखाई यांच्याकडे जावे, आणि अंदालुस दुसऱ्या वर्षासाठी राखून ठेवावे. ज्याला फक्त आजच्या इस्रायलमधील कविता हवी आहे, त्यानेही स्तोत्रांचे निदान दोन महिने टाळू नयेत. गझलकाराला अंदालुसची घाई होणारच. त्याने प्रत्येक कवितेसोबत संदर्भ देणारी टीप असलेली आवृत्ती घ्यावी, अन्यथा वृत्त हाती लागेल आणि विनोद निसटेल.

साधनांचा प्रश्न त्या मानाने सोपा आहे. बायबलची हिब्रू संहिता सेफारिया या संकेतस्थळावर, तर बियालिक, राहेल आणि अनेक अंदालुसी कवी बेन-यहुदा प्रकल्पाच्या संकेतस्थळावर विनामूल्य मिळतात. अमिखाई यांचे निधन २००० मध्ये झाले असल्याने त्यांच्या कवितांचे हक्क अजून खुले झालेले नाहीत, तेव्हा त्यांचे पुस्तक विकतच घ्यावे लागेल.